मोगलीचा दमास्कसमधला आवाज

मोगलीची गोष्ट घडते सिवनीच्या जंगलात. नागपूरहून जबलपूरच्या रस्त्याला लागलं की पेंचच्या पुढे हा भाग येतो. किपलिंगचं पुस्तक १८९४ सालचं. त्यावर जपानच्या निप्पॉन अ‍ॅनिमेशनने १९८९ मध्ये बावन्न भागांची मालिका काढली आणि १९९३ मध्ये ती हिंदी होऊन दूरदर्शनवर आली. गुलजारांचं शीर्षकगीत, विशाल भारद्वाजचं संगीत आणि नाना पाटेकरांच्या आवाजातला शेरखान. आपल्यातल्या चाळिशीच्या आसपासच्या मंडळींना यापुढे काही सांगायला नको.

नव्वदच्याच दशकात ही मालिका अरबीतही गेली. चित्रं तीच, लांडगे तेच, बगीराही तोच. मोरोक्कोपासून ओमानपर्यंतच्या मुलांनी जो मोगली ऐकला, तो मात्र एका सिरियन अभिनेत्रीच्या आवाजात बोलत होता. तिचं नाव अमल हवीजा. पुढे फुटबॉल खेळणारा ‘कॅप्टन माजिद’ही तिच्याच आवाजात बोलला. दोन्ही भूमिका मुलग्यांच्या. दोन्ही मुलगे अरब जगात घरोघरी पोचले, पण त्यांच्यामागच्या बाईंचा चेहरा बहुतेक प्रेक्षकांनी मोठं होईपर्यंत पाहिलाच नव्हता.

आखातात नोकरी करणाऱ्या मराठी माणसाने आपल्या तिशी-चाळिशीतल्या अरब सहकाऱ्याकडे एकदा ‘स्पेसटून’चा विषय काढून पाहावा. तो सौदी असो, जॉर्डनचा असो की सुदानी, पुढची दहा मिनिटं कामाचं बोलणं होणार नाही. बहुधा तो एखादं शीर्षकगीत गुणगुणायलाही लागेल. हे सगळे लोक घरी वेगवेगळी अरबी बोलतात. मोरोक्कोच्या माणसाचं घरचं बोलणं कुवेतच्या माणसाला सहज कळत नाही. पण लहानपणीचं कार्टून सगळ्यांचं एक, आणि त्याची भाषाही एक. ही भाषा त्यांना कोणी दिली, हा या लेखाचा विषय आहे.

अरबीची गोष्ट आपल्यापेक्षा थोडी वेगळी आहे. आपल्याकडे प्रमाण मराठी आणि वऱ्हाडी, मालवणी, अहिराणी यांत अंतर आहे, पण प्रमाण मराठी घरात बोलणारीही माणसं आहेत. अरबीत ‘फुस्हा’ म्हणजे ग्रंथांची, बातम्यांची, भाषणांची भाषा. ती कोणाचीच मातृभाषा नाही. मूल घरात ‘आम्मिया’ म्हणजे बोलीभाषा शिकतं आणि फुस्हाशी त्याची खरी गाठ पडते ती शाळेत, व्याकरणाच्या तासाला. त्या व्याकरणात शब्दाच्या वाक्यातल्या कामाप्रमाणे शेवटचा स्वर बदलतो. शिकलेली मोठी माणसंही त्यात चुकतात.

आता कल्पना करा, मैदानावर दहा वर्षांची पोरं चेंडूमागे धावताहेत आणि एक जण ‘इकडे टाक ना!’ असं न ओरडता ‘चेंडू मजकडे दे, मित्रा!’ असं ओरडतो आहे. आपल्याला हसूच येईल. अरबी कार्टूनमधली पोरं अगदी अशीच बोलतात, आणि ऐकणाऱ्या मुलाला हसू येत नाही. त्याला ते खरं वाटतं. हे खरं वाटायला लावणं हेच त्या अभिनेत्रींचं काम होतं. ग्रंथांतल्या भाषेला धाप लागली पाहिजे, रडू आलं पाहिजे, तिने रुसलं पाहिजे, आणि हे सगळं होताना शब्दाचा शेवटचा स्वर चुकता कामा नये.

कार्टूनसाठी फुस्हा निवडली गेली ती निव्वळ भाषाप्रेमातून नव्हे. त्यात सरळ व्यवहार होता. एकच ध्वनिमुद्रण वीसेक देशांच्या दूरदर्शन केंद्रांना विकायचं तर कुठल्या एका देशाची बोली घेऊन चालत नाही. शिवाय मुलांचा कार्यक्रम म्हटलं की शिक्षण खात्यांनाही शुद्ध भाषा हवी असे. १९७९ मध्ये कुवेतमध्ये आखाती देशांच्या संयुक्त संस्थेने ‘सेसमी स्ट्रीट’ची अरबी आवृत्ती ‘इफ्तह या सिमसिम’ काढली, तीही फुस्हातच. त्याच काळात बैरुतमध्ये ‘ग्रेंडायझर’ हा जपानी यंत्रमानव अरबी झाला. लेबनॉनमध्ये यादवी युद्ध चालू होतं, आणि त्याच शहरातल्या स्टुडिओत जिहाद अल-अतरश हे अभिनेते भारदस्त फुस्हात पृथ्वीचं रक्षण करत होते. मियाझाकीची ‘फ्यूचर बॉय कोनान’ ही मालिका ‘अदनान व लीना’ या नावाने मुलांपर्यंत पोचली. जॉर्डनच्या अम्मानमध्येही डबिंगचा व्यवसाय उभा राहिला. ‘कॅप्टन माजिद’चा पहिला आवाज तिथलाच, सुहैर फहद या जॉर्डनच्या अभिनेत्रीचा. पुढचे भाग दमास्कसला झाले तेव्हा माजिद अमल हवीजा यांच्याकडे आला. म्हणजे एक जपानी मुलगा, दोन अरब शहरं आणि दोन बायका. पडद्यावरचा माजिद धावतच राहिला.

हा व्यवसाय शेवटी दमास्कसला येऊन स्थिरावला, याची कारणं जुनी आहेत. पहिलं महायुद्ध संपताच, १९१९ मध्ये, दमास्कसला अरबी भाषेची अकादमी स्थापन झाली. अरब जगातली ती पहिली. त्याच वर्षी तिथल्या वैद्यकीय महाविद्यालयात अरबीतून शिकवणं सुरू झालं आणि ते आजही चालू आहे. बाकीच्या बहुतेक अरब देशांत डॉक्टर इंग्रजीत किंवा फ्रेंचमध्ये शिकतो, सिरियात अरबीत. पुढच्या राजवटींनी भाषेचा अभिमान राजकारणासाठी वापरला, हे खरं. पण शाळेतून नीट फुस्हा घेऊन बाहेर पडलेली पिढी त्यातून तयार झाली, हेही तितकंच खरं.

दुसरं कारण नाटक. १९७७ मध्ये दमास्कसला नाट्यकलेची उच्च संस्था निघाली. तिथे आवाज, उच्चार आणि अभिनयाचं पद्धतशीर शिक्षण मिळे. शिकून बाहेर पडलेल्यांना रंगभूमीवर पोट भरण्याइतकं काम नसे. रेडिओनाट्यं होती, आणि नव्वदच्या दशकात उपग्रह वाहिन्यांमुळे सिरियन मालिकांना तेजी आली. या दोन्हींच्या मधल्या जागेत डबिंग होतं. नटांना त्यातून बऱ्यापैकी नियमित काम मिळे. ‘मर्कझ अझ-झुहरा’ म्हणजे शुक्र केंद्र हा दमास्कसचा स्टुडिओ याच काळात पुढे आला, आणि २००० साली त्याच वर्तुळातून ‘स्पेसटून’ ही मुलांची वाहिनी सुरू झाली. कार्यक्रमांची विभागणी तिने ग्रहांत केली होती. साहसाचा ग्रह वेगळा, खेळांचा वेगळा, विज्ञानाचा वेगळा, मुलींसाठी ‘झुमुर्रुदा’ म्हणजे पाचूचा. वाहिनी फुकट होती. छपरावर तबकडी असली की झालं. आखातातल्या भारतीय घरांतही ती दिसे, आणि अबू धाबी-मस्कतला वाढलेल्या काही मराठी मुलांच्या कानावरही अरबीचे पहिले शब्द तिथूनच पडले.

मुलग्याच्या भूमिकेला बाईचा आवाज का, याचं उत्तर साधं आहे. मालिका दोन-तीन वर्षं चालते. मुलगा घेतला तर मध्येच त्याचा आवाज फुटतो. शिवाय व्याकरणाचे स्वर सांभाळत तासन्‌तास माइकपुढे उभं राहणं मुलाला झेपत नाही. जपानमध्येही ही पद्धत आहे आणि आपल्याकडेही. हिंदी डोरेमॉनला अनेक वर्षं सोनल कौशल यांचा आवाज होता. आपल्या रंगभूमीवर बालगंधर्वांनी स्त्रीभूमिका केल्या आणि त्यांच्या शालूंची, चालण्याची महाराष्ट्राने नक्कल केली. इथे उलटं झालं. बायकांनी मुलगे उभे केले, पण नक्कल करायला प्रेक्षकांसमोर कोणी आलंच नाही. गंधर्वांना पडदा वर गेला की टाळी मिळे. या बायकांना मिळालेली टाळी पडद्यावरच्या चित्राच्या नावावर जमा झाली.

काम कसं चाले तेही पाहू. आधी भाषांतर होतं. मग ते तोंडाच्या हालचालीत बसवावं लागतं. जपानी कार्टूनमध्ये ओठांची हालचाल फार बारकाईने काढत नाहीत. तोंड उघडं, अर्धं, मिटलेलं, इतक्यावर भागतं. त्यामुळे दुसरी भाषा बसवणं जमतं, पण लांबी मात्र पाळावीच लागते. तोंड मिटलं की शब्दही संपला पाहिजे. कानात मूळ जपानी आवाज, डोळ्यांसमोर पडदा आणि हातात संहिता अशा अवस्थेत अभिनेत्री वाक्य म्हणते. चुकलं तर पुन्हा. शब्दांहून कठीण असतात ते शब्द नसलेले आवाज. धावताना लागलेली धाप, पडल्यावरचं कण्हणं, घास तोंडात असतानाचं बोलणं. ते कोणी लिहून देत नाही. ‘माजिद’ हा जवळपास सगळा वेळ धावतच असतो, हे लक्षात घेतलं की त्या कामातली मेहनत कळते.

भाषेबरोबर बाकीही बरंच बदलत असे. त्सुबासा ओझोरा हा मुलगा माजिद झाला. त्याचा प्रतिस्पर्धी ह्युगा झाला बस्साम, गोलकीपर वाकाबायाशी झाला वलीद. दारूच्या पेल्यात सरबत आलं. प्रेमाचे प्रसंग कापले गेले किंवा मैत्रीचे झाले, आणि प्रसंगी प्रेमी जोडपं नात्यातलं झालं. ज्यांना घरोघर, अगदी रियाधच्या दिवाणखान्यातही, शिरायचं होतं त्यांना ही काटछाट करणं भाग होतं. त्याने मूळ कथांचं नुकसान झालंच. मोठं झाल्यावर मूळ मालिका पाहिलेल्या अनेक अरब तरुणांना आपण लहानपणी भलतीच गोष्ट पाहिली होती हे कळलं. पण आवाज खोटा होता असं त्यांच्यातलं कोणी म्हणत नाही. काटछाट केलेल्या प्रसंगातही अभिनेत्री जे रडली ते खरं रडली होती, आणि मुलांनी तेवढं बरोबर ओळखलं.

या आवाजांच्या जोडीला गाणी होती. तारिक अल-अरबी तुर्कान हे त्यांचे संगीतकार. घराणं मूळ अल्जीरियाचं. दमास्कसला अल्जीरियन लोक नवे नाहीत. फ्रेंचांशी लढलेला अमीर अब्दुल कादिर १८५५ मध्ये तिथे येऊन राहिला आणि त्याच्या आगेमागे बरीच कुटुंबं आली. म्हणजे अरब मुलांची बालगीतं रचणारा माणूस स्वतः एका जुन्या स्थलांतराचा वारस. जपानी शीर्षकगीतं तशीच न उचलता तुर्कान यांनी बहुतेक वेळा नवी गाणी केली. ती गाणाऱ्यांत रशा रिझ्क यांचं नाव सगळ्यात मोठं. १९७६ साली दमास्कसला जन्मलेल्या रशा यांनी फ्रेंच साहित्य आणि शास्त्रशुद्ध गायन या दोन्हींचं शिक्षण घेतलं, पुढे दमास्कसच्या संगीतसंस्थेत गायन शिकवलंही. ज्या गळ्यात ऑपेरा होता, त्या गळ्यातून त्यांनी कार्टूनची गाणी म्हटली, आणि तीही तितक्याच गंभीरपणे. नदीन लबाकी यांच्या २००७ च्या ‘सुक्कर बनात’ या लेबनीज चित्रपटातलं आरशाला उद्देशून असलेलं गाणं त्यांचंच आहे. तो चित्रपट जगभर गेला. तरीही अरब तरुण त्यांना आधी ओळखतात ते कार्टूनच्या गाण्यांसाठी.

२००८ मध्ये वारं फिरलं. ‘नूर’ ही तुर्की मालिका सिरियन बोलीत डब होऊन एमबीसी वाहिनीवर आली आणि अरब जग तिच्यामागे वेडं झालं. त्यातल्या नायिकेचा आवाज लॉरा अबू असअद या सिरियन अभिनेत्रीचा. दमास्कसची बोली रातोरात सगळीकडची प्रेमाची भाषा झाली. दमास्कसच्या आवाजांना आता फुस्हाबरोबर घरच्या बोलीतही मोठी मागणी आली. याच सुमारास इजिप्तच्या बोलीत वर्षानुवर्षं येणारे डिस्नेचे चित्रपट मात्र उलट दिशेने गेले. २०१३ चा ‘फ्रोझन’ फुस्हात आला आणि इजिप्तमध्ये वाद पेटला. आमची बोली काय वाईट होती, असं लोक विचारू लागले. काही वर्षांनी इजिप्शियन डबिंग परत आलं. मुलांशी कोणत्या अरबीत बोलायचं, हा प्रश्न अजून सुटलेला नाही.

दमास्कसपुरता मात्र तो प्रश्न लवकरच मागे पडला. मार्च २०११ मध्ये उठाव झाला, मग युद्ध. देशातली निम्म्याहून अधिक माणसं घराबाहेर पडली, साठ लाखांच्या वर देशाबाहेर गेली. ज्यांचे आवाज एका खोलीत मुद्रित होत, ते देशोदेशी विखुरले. रशा रिझ्क फ्रान्समध्ये गेल्या. काही जण तिथेच राहिले आणि वीज जाता-येता काम करत राहिले. मालिकांत आणि डबिंगमध्ये काम करणाऱ्या अभिनेत्री समर कोकश यांना युद्धाच्या पहिल्या वर्षांत अटक झाली आणि पुढे दहशतवादविषयक न्यायालयाने त्यांना पाच वर्षांची शिक्षा सुनावली. ज्यांच्या आवाजांनी पिढीला ‘खऱ्यासाठी उभा राहा’ असं शिकवलं, त्यांच्यातल्या कोणाला निघावं लागलं, कोणाला गप्प राहावं लागलं, कोणाला तुरुंग भोगावा लागला. राजकारणात कोण कुठल्या बाजूला होतं याचा हिशेब इथे करायचा नाही. डिसेंबर २०२४ मध्ये असद राजवट कोसळली, तोपर्यंत एका पिढीचं बालपण ज्या खोलीत तयार झालं त्या खोलीतली माणसं एकमेकांपासून फार दूर गेली होती.

याच काळातली एक गोष्ट नोंदवण्यासारखी आहे. टोकियोत शिकणाऱ्या एका सिरियन तरुणाने ‘कॅप्टन त्सुबासा’ची मूळ जपानी चित्रकथा अरबीत आणली. लहानपणी त्याने ती टीव्हीवर पाहिली होती. २०१७ च्या सुमारास या पुस्तकांच्या प्रती युरोपात आणि तुर्कस्तानात पोचलेल्या सिरियन निर्वासित मुलांना वाटण्यात आल्या. जपानमधून दमास्कसला आणि तिथून अरब घरांत गेलेला मुलगा आता पुन्हा जपानहून, छापील रूपात, जर्मनीतल्या छावणीत पोचला. ज्या आईबापांनी ती पुस्तकं मुलांच्या हातात दिली, त्यांच्या कानात वाचताना कोणाचा आवाज असेल हे सांगायला नको.

हे सगळं आपण मराठीत का वाचावं? माझ्या मते त्यात आपल्यासाठी एक कळीची गोष्ट आहे. अरब पालकांना वाटत होतं की मुलं फुस्हा शाळेत शिकतील. प्रत्यक्षात अनेकांना ती आधी भेटली टीव्हीसमोर, कोणी व्याकरण न सांगता. त्यातली गंमत लागली आणि मग पुस्तकातली भाषा परकी राहिली नाही. आपल्याकडे उलटं उदाहरण आहे. हिंदी डोरेमॉनमुळे मुलं हिंदी बोलू लागली म्हणून बांगलादेश सरकारने २०१३ मध्ये त्याचं प्रक्षेपण बंद केलं. पुण्या-ठाण्यातल्या घरांतही त्याच निळ्या मांजराने मुलांना हिंदी शिकवली, आणि परदेशातल्या घरांत इंग्रजी कार्टूनने इंग्रजी. बंदीने काय साधलं असतं ते सोडा. मुद्दा असा की मूल भाषा तिथून घेतं जिथे त्याला गोष्टीत पुढे काय होणार हे जाणून घ्यायचं असतं.

परदेशातली आपली मराठी शाळा रविवारी दोन तास भरते. मुळाक्षरं होतात, पाढे होतात, गणपतीत एक नाटुकलं होतं. कार्यकर्ते जीव तोडून काम करतात. पण मुलाने रडत, हसत, पुढच्या भागाची वाट पाहत ऐकावं असं मराठी किती असतं? अमल हवीजा यांच्याकडे मोठं अर्थबळ नव्हतं, आणि चित्रंही दुसऱ्यांची होती. होती ती नीट शिकलेली भाषा, आवाजाची तालीम, आणि मुलांना हलक्यात न घेण्याची वृत्ती. हे तीन गुण मराठीत कमी नाहीत. आपल्या मंडळांत नाटकवाले आहेत, आकाशवाणीवर काम केलेली मंडळी आहेत, घरोघरी माइक आहेत. एखाद्या गोष्टीचे दहा भाग चांगल्या आवाजात, चांगल्या मराठीत मुद्रित करायला एका मंडळाचा एक हिवाळा पुरेल. सुरुवात मोगलीपासूनही करता येईल. त्याचं जंगल तर आपल्या विदर्भाला लागूनच आहे, आणि तो अरबीत इतकी वर्षं बोलला, त्याला मराठीत बोलायला काय हरकत आहे?